कथेतली वस्तू खरी करणारं यंत्र : पेटंटचा अर्ज नेमका कुठे अडकतो

विज्ञानकथेत एक यंत्र सुचतं. गोष्ट आत घातली की गोष्टीतली वस्तू बाहेर येते. मित्र म्हणतात, पेटंट घेऊन टाक. यंत्र चालवायची रीत तुमच्याकडे असेल तर अर्ज जरूर करा. ती नसेल तर फीचे पैसे दिवाळी अंकांवर खर्च केलेले बरे.

आधी एक घोळ मिटवू. कथेला पेटंट मिळत नाही, कारण पेटंट कायदा १९७० च्या कलम ३(एल) मध्ये साहित्यकृती थेट वगळली आहे. कथेसाठी कॉपीराइट आहे, आणि तो लिहिल्या क्षणीच लागू होतो. नोंदणी हवी असेल तर ऑनलाइन फॉर्म १४ भरायचा. फी ५०० रुपये, आणि डायरी क्रमांक मिळाल्यावर हरकतींसाठी ३० दिवस थांबायचं. पण हा कॉपीराइट तुमच्या शब्दांना असतो, यंत्राच्या कल्पनेला नव्हे. आर. जी. आनंद खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्येच हे स्पष्ट केलं आहे. त्यामुळे ‘कथा रजिस्टर केली, म्हणजे यंत्र माझं’ हा समज सोडून द्या.

सगळ्यात जास्त नुकसान होतं ते छापायच्या घाईने. कथा अंकात आली, ब्लॉगवर चढली किंवा कथावाचनात जाहीरपणे वाचली, आणि तिच्यात यंत्राची रचना कळण्याइतकी दिली असेल, तर पेटंटला लागणारं नावीन्य तिथेच संपलं. मग तुमचीच कथा तुमच्याविरुद्ध पुरावा म्हणून येते. ‘एक वर्षाची सवलत असते ना?’ असं सगळेच विचारतात. असते, पण कलम ३१ ची ती १२ महिन्यांची सवलत सरकारने अधिसूचित केलेल्या प्रदर्शनाला आणि विद्वत्सभेत वाचलेल्या निबंधाला आहे. दिवाळी अंक विद्वत्सभेत मोडत नाही, संपादक कितीही विद्वान असोत. कथेत यंत्र नुसतं गुरगुरत असेल आणि आतलं काही सांगितलेलं नसेल, तर धोका बराच कमी होतो.

म्हणून आधी प्रोव्हिजनल (तात्पुरता) अर्ज, मग छपाई. मात्र प्रोव्हिजनलमध्ये नसलेला तपशील कथेत छापून आला, तर त्या तपशिलाला संरक्षण नाही. आणि प्रोव्हिजनल भरल्यापासून १२ महिन्यांत पूर्ण स्पेसिफिकेशन, म्हणजे शोधाचं सविस्तर वर्णन, गेलं नाही तर अर्ज सोडून दिल्याचं धरतात. ही मुदत कायद्यातच आहे, विनवण्या करून वाढत नाही.

आता स्पेसिफिकेशन. कथालेखक इथे हमखास अडखळतात, कारण कथेत जे लपवायचं तेच इथे उघडं करायचं असतं. कलम १०(४) नुसार शोध कसा चालतो आणि तुम्हाला माहीत असलेली सर्वांत चांगली पद्धत कोणती, हे त्या विषयातल्या जाणकाराला वाचून करता येईल इतकं लिहावं लागतं. ‘यंत्र शब्दांतील ऊर्जेचे वस्तूत रूपांतर करते’ हे वाक्य कलम ३(ए) खाली जाईल : निसर्गनियमांशी उघड विसंगत.

समजा कथेत एवढंच आहे : ‘आजीचा पितळी अडकित्ता ताटलीत पडला होता.’ यंत्राला यातून काय करायचंय? मजकुरातून वस्तू ओळखायची. लांबी लिहिलेली नाही, ती कुठून घ्यायची ते ठरवायचं. दोन पाती आणि एक खिळ असा त्रिमितीय आराखडा करायचा, मग थ्रीडी प्रिंटरच्या ०.४ मिमीच्या नॉझलने (तोटीने) प्लास्टिकचे ०.२ मिमीचे थर चढवायचे. खिळीभोवती पुरेशी फट ठेवली नाही तर पाती एकमेकांना चिकटून छापली जातात आणि अडकित्ता उघडतच नाही. ती फट मजकुरावरून आपोआप कशी ठरते हे तुम्ही दाखवलंत, तर परीक्षकाला धरायला काहीतरी मिळतं. प्लास्टिकच्या पात्याने सुपारी कातरली जाणार नाही, तेव्हा ‘पितळी’ या शब्दाचं यंत्र काय करतं तेही लिहा.

कलम ३(के) विसरू नका. निव्वळ संगणक प्रोग्रॅम किंवा अल्गोरिदमला पेटंट नाही. क्लेममध्ये, म्हणजे नेमका कशावर हक्क मागता ते सांगणाऱ्या वाक्यांत, ‘प्रोसेसर’ आणि ‘मेमरी’ पेरल्याने भागत नाही. वस्तूची छपाई फसण्याचं प्रमाण घटतं, असा तांत्रिक परिणाम दाखवावा लागतो.

बाकी कागद : फॉर्म १, २, ३, पूर्ण स्पेसिफिकेशनसोबत ५, आकृत्या, १५० शब्दांपर्यंतचा सारांश. शीर्षक साधारण १५ शब्दांत. ‘अक्षरब्रह्म’ चालणार नाही, यंत्र काय करतं ते हवं. भाषा इंग्रजी किंवा हिंदी. मराठीत अर्ज घेत नाहीत, याचा राग येणं रास्त आहे, पण त्यावर वेळ घालवू नका. महाराष्ट्र-गोव्यातल्या अर्जदारांचं कार्यालय मुंबईचं. व्यक्तीसाठी ऑनलाइन फी १६०० रुपये, त्यात ३० पानं आणि १० क्लेम. ऑनलाइन भरायला स्वतःची डिजिटल सही लागते आणि ती बहुतेकांकडे नसते, तेव्हा शेवटच्या दिवसाआधीच काढून ठेवा.

लेखक आणि अभियंता अशी जोडी असेल तर खरा शोधक कोण, हे भांडण आधी मिटवा. ज्याने रीत शोधली तो शोधक; नुसती कथा सुचणं पुरत नाही. अर्जदार वेगळा असेल तर शोधकाने हक्क दिल्याचा पुरावा लागतो, आणि तोवर मैत्री तुटलेली असली तर सही मिळवणं जड जातं.

अर्ज भरला म्हणजे तपासणी सुरू झाली, असं होत नाही. त्यासाठी वेगळा फॉर्म १८ लागतो, व्यक्तीसाठी ४००० रुपये. तो भरायला पूर्वी ४८ महिने मिळत. १५ मार्च २०२४ पासूनच्या अर्जांना ३१ महिनेच आहेत, आणि ते पहिल्या तारखेपासून, म्हणजे प्रोव्हिजनलपासून मोजतात. इंटरनेटवरच्या जुन्या लेखांत अजून ४८ च दिसतात. मुदत हुकली तर अर्ज मागे घेतल्याचं समजतात.

पुढे पहिला परीक्षण अहवाल येतो. उत्तराचे सहा महिने तो जारी झाल्याच्या तारखेपासून धावतात, तुम्ही ईमेल उघडल्यापासून नव्हे. कॉलेजच्या ईमेलवर अर्ज भरून पदवी घेऊन बाहेर पडलेल्यांनी पत्ता बदलल्याचं आजच रीतसर कळवावं.