दोन बलांचे परिणामी बल : शक्य मर्यादा

एकाच बिंदूवर लागणाऱ्या दोन बलांच्या जागी, तेवढाच परिणाम करणारे जे एकच बल ठेवता येते त्याला परिणामी बल म्हणतात. बल ही सदिश राशी, म्हणजे तिला परिमाणाबरोबर दिशाही असते. त्यामुळे नुसती दोन परिमाणे कळली म्हणून परिणामी बल ठरत नाही, त्याच्या सीमा तेवढ्या ठरतात. ते दोन्हींच्या बेरजेहून जास्त नसते आणि त्यांच्या फरकाहून कमी नसते. मधले कोणतेही मूल्य शक्य असते. कोणते मिळेल ते कोनावर अवलंबून.

ठाण्याच्या चेंदणी कोळीवाड्याजवळ खाडीच्या चिखलात रुतलेली होडी दोन दोरांनी ओढायची आहे, असे समजू. एका दोराचे बल ४०० न्यूटन, दुसऱ्याचे ३००. दोघे एकाच दिशेने ओढतील तर ७०० न्यूटन, विरुद्ध दिशांनी ओढतील तर १००. म्हणून ‘यांपैकी कोणते मूल्य अशक्य?’ असा प्रश्न आला, तर ५० आणि ७५० दोन्ही अशक्य. मधल्या कोनांसाठी समांतरभुज चौकोनाचा नियम लागतो. न्यूटनने १६८७ च्या ‘प्रिन्सिपिया’त तो गतिनियमांचा उपसिद्धान्त म्हणून मांडला आहे. बले क व ख, त्यांच्यातला कोन थ आणि परिणामी बल प असेल, तर

प² = क² + ख² + २ क ख कॉस थ

यावरून २० अंशांना सुमारे ६९० न्यूटन, ६० अंशांना ६०८, ९० अंशांना ५०० आणि १२० अंशांना ३६१ मिळतात. फक्त दोन टोके सांगूनही थांबता येते, पण खरी गंमत या घसरणीत आहे. पहिल्या २० अंशांत जेमतेम १० न्यूटन जातात, ६० ते १२० मध्ये मात्र जवळजवळ २५०. ओढणारे थोडे फाकून उभे राहिले तर फारसे बिघडत नाही, ते याचमुळे.

उलट गणितही सोपे आहे. सर्वांत मोठे परिणामी बल १७ आणि सर्वांत लहान ७ दिले असेल, तर बेरजेच्या निम्मे १२ आणि वजाबाकीच्या निम्मे ५ ही मूळ बले. ती काटकोनात असतील तर परिणामी बल १३.

चुका बहुधा कोनात होतात. थ हा बले दाखवणाऱ्या दोन्ही बाणांच्या शेपट्या एकत्र ठेवल्यावरचा कोन. एका बाणाच्या टोकाला दुसऱ्याची शेपटी जोडून त्रिकोण काढला, की आतला कोन १८० वजा थ होतो आणि सूत्रातले ‘२ क ख’च्या आधीचे अधिक चिन्ह उणे होते. कॅल्क्युलेटर अंशांऐवजी रेडियनवर (कोनाच्या दुसऱ्या एककावर) राहिला तर उत्तर सीमेच्या आतच येते, त्यामुळे ही चूक चटकन लक्षात येत नाही. प्रयोगशाळेत हा नियम तपासताना फळ्यावरच्या दोन कप्प्यांवरून दोरे नेऊन टोकांना वजने टांगतात आणि मधल्या गाठीला तिसरे वजन लावतात. तिथे कप्पीचे घर्षण नडते: गाठ बोटाने थोडी हलवून सोडावी आणि ती पुन्हा त्याच जागी येते का, ते पाहावे. दोरा फळ्याला घासला किंवा वजने फळ्याला टेकली, तरी आकृती जुळत नाही.

टेंभी नाक्याची दहीहंडी ठाण्याबाहेरही प्रसिद्ध आहे. अशा हंडीचा आडवा दोर हे याच नियमाचे उलटे उदाहरण. इथे परिणामी बल ठरलेले असते, ते म्हणजे टांगलेले वजन. शोधायचा असतो दोराचा ताण. २० मीटर अंतरावर समान उंचीला बांधलेल्या दोराच्या मध्यावर हंडी आणि तिला लटकलेला गोविंदा मिळून ७० किलो, म्हणजे ६८६ न्यूटन, भार आहे असे धरू. झोळ, म्हणजे दोर मध्यावर जेवढा खाली येतो ते अंतर, सुमारे ८७ सेंटिमीटर असेल, तर दोराच्या दोन बाजूंमधला कोन १७० अंश होतो आणि प्रत्येक बाजूचा ताण ३,९०० न्यूटनच्या वर जातो. भाराच्या जवळपास पावणेसहापट! दोर ताणून ‘सरळ’ बांधण्याचा हट्ट म्हणून धोक्याचा. झोळ ३ मीटर ठेवला की ताण सुमारे १,२०० न्यूटनवर येतो. भार पडल्यावर नायलॉनचा दोर लांबतो, झोळ वाढतो आणि ताण थोडा उतरतो. मात्र गोविंदा झोके घेऊ लागला की ताण पुन्हा वाढतो. झोळ वाढवूनही हंडी ठरलेल्या उंचीवरच हवी असेल, तर दोन्ही टोके तेवढीच वर बांधावी लागतात.