सेगा, मालोया, मुत्या: हिंदी महासागरातल्या बेटांच्या संगीताची पार्श्वभूमी

मॉरिशसचा सेगा, रियुनियनचा मालोया आणि सेशेल्सचा मुत्या यांची नावं वेगळी असली तरी कूळ एकच आहे. फ्रेंच वसाहतीच्या काळात मादागास्कर आणि पूर्व आफ्रिकेच्या किनाऱ्यावरून माणसं गुलाम म्हणून या बेटांवर आणली गेली. युरोपीय येण्यापूर्वी इथे कायमची वस्तीच नव्हती, त्यामुळे मूळ रहिवाशांचं असं संगीत इथे नाही. जहाजातून उतरलेल्यांनी हाताला लागेल त्यातून वाद्यं घडवली, आणि म्हणूनच या शैलींचा इतिहास वाद्यांच्या वाटेने गेलं की नीट उलगडतो.

सेगाचा प्राण म्हणजे रावान. आपल्या डफाच्या जातीचं, पण घेराने मोठं असं हे वाद्य आहे. लाकडाची पातळ पट्टी वाकवून कडं करायचं आणि त्यावर बकऱ्याचं कातडं चढवायचं. कातडं आधी ताणून सुकवतात, केस खरवडून काढतात, मग पुन्हा भिजवून मऊ झाल्यावर कड्यावर ओढून पक्कं करतात. पोटाकडचा पातळ भाग आणि पाठीकडचा जाड भाग एकसारखे ताणले गेले नाहीत तर एकाच रावानवर दोन ठिकाणी दोन आवाज निघतात.

खरी कसोटी वाजवण्याआधी लागते. समुद्राच्या दमट हवेत कातडं ओलावा धरतं, सैल पडतं आणि थाप बसकी येते. म्हणून वाळक्या पाल्याचा किंवा गवताचा जाळ करून रावान त्याच्यासमोर धरतात, सतत फिरवतात आणि मधूनमधून बोटांनी टिचकी मारून कान देतात. मध्यभागी खर्ज आणि कडेला कोरडा, चढा आवाज आला की वाद्य तयार. घाईने जाळाजवळ नेलं तर कडेजवळ कातडं तडकतं. एकाच बाजूला शेक बसला तर ती बाजू चढते. रात्रभराच्या कार्यक्रमात ते पुन्हापुन्हा शेकावं लागतं, म्हणून शेकोटी ही सेगाची गरज आहे. तिला निव्वळ सजावट समजणं चूक आहे.

जोडीला मारावान, म्हणजे बिया भरलेली खुळखुळणारी चपटी पेटी, आणि लोखंडी त्रिकोण असतो. रियुनियनमध्ये मारावानचं भावंड म्हणजे कायांब, आणि त्यात उसाच्या मळ्याचा थेट पुरावा सापडतो. उसाला तुरा आला की त्याचे दांडे कापून सुकवतात, लाकडी चौकटीत दोन्ही अंगांना ओळीने बसवून चपटी पेटी करतात आणि आत कर्दळीच्या टणक बिया भरतात. बिया जास्त झाल्या तर त्या सरकत नाहीत आणि आवाज गुदमरतो; कमी पडल्या तर तुटक खडखड ऐकू येते. पेटी दोन्ही हातांत आडवी धरून डावी-उजवीकडे झोकायची, की तीन-तीन मात्रांचा तो डुलता ठेका मिळतो. सहा मात्रांच्या या चालीवर गाणं संथ सुरू होतं, गायक ओळ टाकतो, बाकीचे उचलतात आणि लय वाढत जाते. नाचणारे पाय जमिनीवरून फारसे न उचलता घासत फिरतात.

गुलामगिरी मॉरिशसमध्ये 1835 साली आणि रियुनियनमध्ये 20 डिसेंबर 1848 रोजी संपली, पण या संगीताकडे बघण्याची नजर लगेच बदलली नाही. चर्च आणि मळेवाल्यांना ते असभ्य वाटे. सेशेल्समध्ये मुत्याच्या ढोलांवर 1935 साली कायद्याने बंधनं आली. रियुनियनमध्ये तर एका शैलीच्या दोन झाल्या. ॲकॉर्डियन, व्हायोलिन आणि युरोपीय नाचांच्या चाली ज्यात मिसळल्या तो सेगा दिवाणखान्यात शिरला. पिंपावर बैलाचं कातडं चढवलेला, वर बसून वाजवायचा रुलेर ढोल आणि कायांब यांच्यावरचा मालोया मात्र मजुरांच्या वस्तीत आणि पूर्वजांच्या पूजाविधीत राहिला. 1970च्या दशकात फिर्मेन विरी यांच्यासारख्या गायकांनी आणि तिथल्या कम्युनिस्ट पक्षाने तो उघडपणे मंचावर आणला. पुढे डॅनियेल वारो यांनी तो जगभर पोहोचवला. दडपणुकीमुळेच मालोया टिकला, असं काहीजण म्हणतात. मला ते पटत नाही. तो टिकवला तो या विधींनी आणि ते करणाऱ्या कुटुंबांनी.

मॉरिशसची वाट वेगळी. 1964 साली ल मॉर्न डोंगराच्या पायथ्याशी भरलेल्या सेगा रात्रीत गायक ‘ती फ्रेर’ यांना सेगाचा राजा ठरवलं गेलं आणि या संगीताला प्रतिष्ठा मिळाली. त्यानंतर पर्यटन वाढलं, हॉटेलांत गिटार, कीबोर्ड आणि कृत्रिम पडद्याचे रावान आले. त्यांना शेकावं लागत नाही, दमट हवेचा त्रास नाही; पण कातड्याचा भरदार खर्ज त्यांच्यातून निघत नाही. 1980च्या दशकात काया या गायकाने सेगाचा सहा मात्रांचा झोका जमैकातल्या रेगे संगीताच्या चार मात्रांवर बसवला आणि सेगे ही शैली रूढ केली. गरीब क्रिओल, म्हणजे मुख्यतः गुलामांच्या वंशजांच्या, वस्त्यांचं दुखणं त्याने गाण्यात मांडलं. फेब्रुवारी 1999 मध्ये पोलीस कोठडीत त्याचा मृत्यू झाला आणि देशभर दंगली उसळल्या.

1834 पासून आलेल्या भारतीय मजुरांनी यात आपला धागा मिसळला. भोजपुरी लग्नातलं गीत-गवई लोटा, थाळी, चमचा आणि ढोलकावर चालतं, आणि पुढे सेगाच्या ठेक्यावर भोजपुरी गाणीही निघाली. कोकणातून गेलेल्या मराठी कुटुंबांची झाकरी, म्हणजे आपली जाखडी, तिथे गणेशोत्सवात अजून नाचली जाते.

युनेस्कोच्या वारसा यादीत मालोया 2009, मॉरिशसचा सेगा 2014, गीत-गवई 2016, मॉरिशसच्याच रॉड्रिग्ज बेटाचा ढोलावरचा सेगा 2017 आणि मुत्या 2021 साली आला. हिंदी महासागरातल्याच चागोस बेटांचा सेगा 2019 साली थेट तातडीच्या संरक्षणाच्या यादीत गेला. त्यातल्या दिएगो गार्सिया बेटावरच्या अमेरिकी लष्करी तळासाठी 1968 ते 1973 या काळात तिथल्या सगळ्या रहिवाशांना हलवण्यात आलं. आज ते लोक मॉरिशस, सेशेल्स आणि ब्रिटनमध्ये विखुरलेले आहेत, आणि ज्या बेटांबद्दल ही गाणी बोलतात ती त्यांच्या नातवंडांनी बहुतेक पाहिलेलीच नाहीत.