जपानची पहिली दिग्दर्शिका किनुयो तानाका नव्हे

अभिनेत्री किनुयो तानाका याच जपानच्या पहिल्या स्त्री दिग्दर्शक, असं वर्षानुवर्षं लिहिलं जातंय. ते चूक आहे. तो मान ताझुको साकाने यांचा. दिग्दर्शक केंजी मिझोगुची यांच्या हाताखाली काम शिकून त्यांनी १९३६ साली 'हात्सु सुगाता' हा कथापट दिग्दर्शित केला. त्याची प्रत आज उरलेली नाही. चित्रपट हरवला की करणारीचं नावही किती सहज पुसलं जातं! पुढे त्यांनी मांचुरियात, म्हणजे चीनच्या ईशान्य भागात, माहितीपट केले. युद्धानंतर मायदेशी परतल्यावर मात्र त्यांना पुन्हा दिग्दर्शन मिळालं नाही. हा अन्याय आपण चुकीच्या माहितीने आणखी वाढवू नये.

तानाकांचं मोठेपण याने तसूभरही कमी होत नाही. १९२४ साली, मूकपटांच्या काळात, त्या शोचिकु कंपनीतून पडद्यावर आल्या. १९३१ साली ज्या चित्रपटाने जपानी बोलपटाला पहिलं मोठं यश मिळवून दिलं, त्यातही त्या होत्याच. दिग्दर्शनाआधी, एवढ्या नावाजलेल्या असूनही, त्यांनी दिग्दर्शक मिकिओ नारुसे यांच्याकडे सहायक म्हणून उमेदवारी केली. १९५३ ते १९६२ या काळात त्यांनी सहा चित्रपट दिग्दर्शित केले.