गुण आला, पण कशाने?

ब्रिटिश आरमाराने १७९५ पासून खलाशांना लिंबाचा रस द्यायला सुरुवात केली आणि काही वर्षांतच स्कर्व्ही हा रोग त्या आरमारातून जवळपास हद्दपार झाला. हिरड्या सुजून रक्त येणं, दात हलणं, अंगावर काळे-निळे डाग, बरी झालेली जुनी जखम पुन्हा उघडणं आणि शेवटी मृत्यू, असा हा रोग. लांबच्या सफरीत लढाईपेक्षा जास्त माणसं तो मारत असे. त्यावर इतका स्वस्त आणि सोपा उपाय मिळाला, म्हणजे विषय संपला असं कोणालाही वाटेल. पण १८७५ साली उत्तर ध्रुवाकडे निघालेल्या ब्रिटिश मोहिमेत, हिवाळाभर जहाजावर रस पिऊन बर्फावर उतरलेल्या तुकड्या थोड्याच दिवसांत स्कर्व्हीने आडव्या झाल्या. मोहीम ठरल्यापेक्षा आधी गुंडाळावी लागली.

ऐंशी वर्षं पाठ असलेला उपाय अचानक चालेनासा कसा झाला? रोग समजणं म्हणजे नेमकं काय, हे या गोष्टीतून जितकं कळतं तितकं क्वचितच दुसऱ्या कशातून कळत असेल. म्हणून ती जरा सविस्तर सांगतो.

सुरुवात १७४७ ची. ‘सॅलिसबरी’ या युद्धनौकेवर जेम्स लिंड नावाचा शल्यवैद्य होता. त्याने स्कर्व्हीचे बारा रोगी निवडले. शक्य तितके सारख्या अवस्थेतले. सगळ्यांना एकाच ठिकाणी ठेवलं, जेवण एकच दिलं आणि दोन-दोनच्या सहा जोड्या केल्या. एका जोडीला सफरचंदाची आंबवलेली दारू, दुसरीला पातळ केलेलं गंधकाम्ल, तिसरीला व्हिनेगर, चौथीला समुद्राचं पाणी, पाचवीला रोज दोन संत्री आणि एक लिंबू, सहावीला लसूण-मोहरी वगैरे वाटून केलेलं चाटण. सहा दिवसांत फळं संपली, पण तोवर पाचव्या जोडीतला एक जण कामावर जाण्याइतका बरा झाला होता आणि दुसऱ्याला उरलेल्या रोग्यांच्या शुश्रूषेला लावलं होतं. बाकीच्यांत सफरचंदाच्या दारूवाल्या जोडीला किंचित आराम पडला, एवढंच.

आज वैद्यकीय चाचणीचा इतिहास सांगताना हा प्रसंग पहिल्या पानावर असतो. पण खुद्द लिंडला त्याचा अर्थ लागला नव्हता. दमट हवेमुळे घामाची रंध्रं बंद होतात आणि शरीरातला मळ आत साचून स्कर्व्ही होतो, असं तो मानायचा. फळं टिकत नाहीत म्हणून रस आटवून त्याचा पाक बाटलीत भरून ठेवावा, असा सल्लाही त्यानेच दिला. तापवल्यामुळे त्या पाकातलं नेमकं उपयोगाचं तेच बरंचसं नष्ट होत होतं. उत्तर हातात असताना त्याने ते स्वतःच उकळून टाकलं, असं म्हणायला हरकत नाही.

पुढे आरमाराने न आटवलेल्या रसाचा मार्ग धरला आणि त्याचा गुण आला. कशाने आला, याचं सर्वमान्य उत्तर होतं: आंबटपणाने. लिंडच्या प्रयोगात गंधकाम्ल आणि व्हिनेगर हे दोन्ही आंबट पदार्थ सपशेल नापास झाले होते, तरीही ही समजूत टिकली. १८६० च्या दशकात आरमाराने भूमध्य समुद्राकडची मोठी, जाड सालीची, पिवळी लिंबं सोडून वेस्ट इंडीजच्या ब्रिटिश वसाहतींतली लहान हिरवी लिंबं घ्यायला सुरुवात केली. ती जास्त आंबट, म्हणजे जास्त गुणकारी, असा हिशेब. प्रत्यक्षात त्यांच्या रसात क जीवनसत्त्व, म्हणजे जे न मिळाल्याने स्कर्व्ही होतो तेच द्रव्य, बरंच कमी होतं. तो रस तांब्याच्या नळ्यांतून जायचा, हवेत आणि उजेडात पडून राहायचा. तांबं आणि हवा दोन्ही क जीवनसत्त्वाचे शत्रू. खलाशाच्या पेल्यात पडणाऱ्या रसात आंबटपणाशिवाय फारसं काही उरत नव्हतं.

हे इतकी वर्षं कोणाच्या लक्षात का आलं नाही? कारण तोवर वाफेची जहाजं आली होती. सफरी लहान झाल्या होत्या, बंदरात ताजं अन्न मिळत होतं. शरीरातला साठा संपून स्कर्व्ही दिसायला एक ते तीन महिने लागतात आणि तेवढा काळ ताज्या अन्नावाचून कोणी राहतच नव्हतं. रस निकामी झाला होता, पण त्याची परीक्षा घेणारी सफरच निघत नव्हती. ती ध्रुवीय मोहिमांत निघाली आणि पितळ उघडं पडलं.

त्यानंतर डॉक्टरांनी जो निष्कर्ष काढला तो पाहण्यासारखा आहे. लिंबू चालत नाही, म्हणजे मुळात स्कर्व्हीचा लिंबाशी संबंध नसावा. डबाबंद मांस खराब होऊन त्यात जे विष तयार होतं त्याने हा रोग होत असावा! ताजं मांस खाणाऱ्यांना स्कर्व्ही होत नाही, हे निरीक्षण अगदी खरं होतं. ताज्या, कमी शिजवलेल्या मांसात थोडं क जीवनसत्त्व असतं म्हणून ते खरं होतं, डब्यातल्या विषामुळे नव्हे. जंतूंचे शोध लागत होते, विषबाधेची भाषा नवी आणि शास्त्रीय वाटत होती. त्याच काळात सधन घरांतल्या तान्ह्या बाळांनाही स्कर्व्ही होऊ लागला, कारण आईच्या दुधाऐवजी तापवून डब्यात भरलेलं दूध आणि तयार शिशुआहार देणं त्यांना परवडत होतं.

गाठ सुटली ती एका सुदैवी निवडीमुळे. १९०७ मध्ये नॉर्वेचे अॅक्सेल होल्स्ट आणि थिओडोर फ्रोलिच हे बेरीबेरी या वेगळ्याच रोगाचा अभ्यास करत होते. त्यासाठी त्यांनी गिनीपिगना नुसत्या धान्यावर ठेवलं आणि त्यांना बेरीबेरीऐवजी स्कर्व्ही झाला. त्यांनी उंदीर वापरले असते तर स्कर्व्ही दिसलाच नसता. बहुतेक सस्तन प्राणी क जीवनसत्त्व स्वतःच्या शरीरात तयार करतात. गिनीपिगना ते जमत नाही. आपल्यालाही नाही: त्यासाठी लागणारं जनुक आपल्या पेशींत आहे, पण मोडक्या अवस्थेत. आपल्या वानरकुळातल्या पूर्वजांतच ते काही कोटी वर्षांपूर्वी बिघडलं.

प्रयोगासाठी प्राणी मिळाल्यावर पंचवीस वर्षांत काम झालं. अल्बर्ट सेंट-जॉर्जी यांनी १९२८ मध्ये वेगळा काढलेला पदार्थ म्हणजेच क जीवनसत्त्व, हे १९३२ पर्यंत स्पष्ट झालं. पुढे त्याचं शरीरातलं कामही कळलं. त्वचा, रक्तवाहिन्या, हिरड्या, हाडं या सगळ्यांना धरून ठेवणारं कोलॅजन हे प्रथिन तीन पदरी दोरासारखं वळलेलं असतं. हे पदर एकमेकांत घट्ट बसावेत म्हणून त्यांवर जी रासायनिक प्रक्रिया व्हावी लागते, ती करणाऱ्या विकरांना (एन्झाइम्सना) क जीवनसत्त्व लागतं. ते नसेल तर दोर सैल पडतो, रक्तवाहिन्या झिरपतात आणि जुनी जखम उघडते. जखमेच्या व्रणातलं कोलॅजनही सतत मोडत आणि नव्याने बनत असतं, हे त्यावरून ध्यानात येतं. रोज फक्त १० मिलिग्रॅम क जीवनसत्त्व मिळालं तरी स्कर्व्ही टळतो. एवढ्याशा मात्रेसाठी काही शतकं माणसं मेली.

गुण का येतो हे माहीत नसेल तर उपाय हातचा जाऊ शकतो, हा या कथेचा सरळ अर्थ. मात्र तिच्या उलट बाजूची कथा मला जास्त अस्वस्थ करते: ‘का’ चं उत्तर अगदी पटण्यासारखं असावं आणि उपायाने माणसं दगावावीत.

हृदयविकाराचा झटका येऊन गेलेल्या काही जणांच्या हृदयात मधूनच अवेळी ठोके पडतात. असे ठोके असणाऱ्यांत पुढे अचानक मृत्यू येण्याचं प्रमाण जास्त असतं, हे पक्कं माहीत होतं. एन्केनाइड आणि फ्लेकेनाइड ही औषधं हे ठोके छान दाबून टाकतात, हेही माहीत होतं. मग ठोके दाबले की मृत्यू टळतील, यात शंका कसली? अमेरिकेत डॉक्टर ही औषधं लिहून देत होते. काहींच्या मते तर चाचणी घेऊन निम्म्या रोग्यांना औषधापासून वंचित ठेवणं हेच अनैतिक होतं. तरीही १९८७ मध्ये चाचणी सुरू झाली आणि १९८९ मध्ये या दोन औषधांपुरती ती घाईने थांबवावी लागली. औषध घेणाऱ्या ७५५ जणांपैकी ६३ दगावले होते; नकली गोळी घेणाऱ्या ७४३ पैकी २६. हृदयाचा आलेख सुधारत होता आणि रोगी मरत होते. ही चाचणी झालीच नसती तर या मृत्यूंचा संशयही कोणाला आला नसता. झटका येऊन गेलेला माणूस गेला, तर ‘हृदय कमकुवत होतंच’ असंच सगळे म्हणतात.

बीटा-कॅरोटीनचं असंच. हे द्रव्य असलेल्या भाज्या-फळं भरपूर खाणाऱ्यांत फुप्फुसाचा कर्करोग कमी दिसतो. म्हणून फिनलंडमध्ये २९,१३३ धूम्रपान करणाऱ्या पुरुषांवर बीटा-कॅरोटीनच्या गोळ्यांची चाचणी झाली. १९९४ मध्ये निकाल आला: गोळ्या घेणाऱ्यांत फुप्फुसाचा कर्करोग १८ टक्क्यांनी जास्त. अमेरिकेतल्या दुसऱ्या मोठ्या चाचणीतही तेच दिसलं आणि ती १९९६ मध्ये मुदतीआधी बंद केली. भाजी खाणं आणि भाजीतलं एक द्रव्य गोळीतून घेणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. जीवनसत्त्वांच्या बाटल्यांवरच्या जाहिराती वाचताना हे आठवावं.

आणि कधी ‘का’ पूर्ण न कळताही उपाय बिनधोक वापरता येतो. बाळाला पाठीवर झोपवलं तर उलटी श्वासनलिकेत जाईल, म्हणून पोटावर झोपवावं, असा सल्ला पाश्चात्त्य देशांत काही दशकं डॉक्टरच देत होते. ऐकायला तर्कशुद्ध. पण झोपेतच अचानक मरण पावलेल्या बाळांची निरोगी बाळांशी तुलना केली, तेव्हा पोटावर झोपणाऱ्यांना धोका कितीतरी जास्त असल्याचं दिसलं. १९९० च्या दशकात सल्ला उलटा केला आणि हे मृत्यू अनेक देशांत निम्म्याहून कमी झाले. शरीररचना नीट पाहिली तर पाठीवर झोपलेल्या बाळाची श्वासनलिका अन्ननलिकेच्या वरच्या बाजूला असते, म्हणजे आधीचा तर्क मुळातच कच्चा होता. पोटावर झोपल्याने नेमकं काय बिघडतं, याचा संपूर्ण उलगडा अजून झालेला नाही. पण त्यासाठी थांबायची गरजही नाही, कारण इथे मोजलेली गोष्ट आलेखातली रेघ नव्हती. बाळं जगली की नाही, हेच मोजलं होतं.

रक्ततपासणीचा कागद हातात घेऊन बसलेल्या आपल्यासारख्यांना हा फरक फार कामाचा आहे. त्यावरचा आकडा सुधारणं आणि माणूस सुधारणं यांत अंतर असू शकतं. कोलेस्टेरॉलच्या दोन आकड्यांचंच पाहा. एलडीएल जास्त असणाऱ्यांना हृदयविकार जास्त होतो. एचडीएल जास्त असणाऱ्यांना कमी. म्हणून एक ‘वाईट’ आणि दुसरं ‘चांगलं’ अशी नावं पडली. एचडीएल वाढवणारं टॉर्सेट्रॅपिब हे औषध मोठ्या आशेने आलं. त्याने एचडीएल भरघोस वाढलं; पण सुमारे १५ हजार लोकांवरच्या चाचणीत औषध घेणाऱ्यांतच मृत्यू जास्त झाले आणि २००६ मध्ये सगळं थांबवलं गेलं. हे औषध रक्तदाबही वाढवत होतं, तेव्हा सगळा दोष एचडीएलच्या कल्पनेवर ढकलता येत नव्हता. पण पुढच्या संशोधनात ज्यांचं एचडीएल जन्मतःच, जनुकांमुळे जास्त असतं अशी माणसं तपासली, तर त्यांनाही त्याचा अपेक्षित फायदा दिसला नाही. एचडीएल बहुधा रोगाचं कारण नाही, नुसती खूण आहे.

एलडीएल मात्र याच परीक्षेत उतरलं. पीसीएसके९ नावाचं जनुक एलडीएल रक्तातून काढून घेण्याच्या यकृताच्या कामात अडथळा आणतं. अमेरिकेत डॅलस इथे हेलन हॉब्ज आणि जोनाथन कोहेन यांनी ज्यांच्यात हे जनुक निकामी आहे अशी माणसं शोधली. आईवडिलांकडून कोणती प्रत मिळेल हे यदृच्छेने ठरतं, त्यामुळे आपोआप चाचणीसारखेच दोन गट पडतात. २००६ मध्ये त्यांनी प्रसिद्ध केलेल्या निष्कर्षांत, निकामी प्रत असलेल्या कृष्णवर्णीयांचं एलडीएल २८ टक्क्यांनी कमी होतं आणि पंधरा वर्षांतला हृदयविकार ८८ टक्क्यांनी कमी. हा दुसरा आकडा जपून घ्यावा, कारण ती माणसं ८५ च होती आणि त्यांतल्या एकालाच हृदयविकार झाला. पण वेगळ्या, सौम्य बदलामुळे एलडीएल १५ टक्के कमी असलेल्या गोऱ्या लोकांतही हृदयविकार ४७ टक्क्यांनी कमी निघाला. या जनुकाच्या प्रथिनाला अडवणारी इंजेक्शनं २०१५ पासून वापरात आहेत आणि २७,५६४ रुग्णांवरच्या चाचणीत त्यांनी झटके वगैरे घटना १५ टक्क्यांनी कमी केल्या.

इथे एक विसंगती आहे. इंजेक्शनने एलडीएल ५९ टक्के उतरलं तरी फायदा १५ टक्के. जन्मापासून १५ टक्के कमी असणाऱ्यांना मात्र ४७. औषध चाचणीत सरासरी दोन-सव्वादोन वर्षं दिलं होतं, तेही आधीच रोग जडलेल्यांना. जन्मजात फरकाचा लाभ आयुष्यभराचा. रक्तवाहिनीत थर साचायला दशकं लागतात, त्यामुळे एलडीएल किती खाली आणलं याच्याइतकंच ते किती वर्षं खाली होतं हेही महत्त्वाचं ठरतं. मग प्रश्न येतो, सुरुवात कधी करायची? डॅलसच्याच संशोधकांना एक बत्तीस वर्षांची स्त्री सापडली होती. तिच्यात या जनुकाच्या दोन्ही प्रती निकामी. तिचं एलडीएल अवघं १४ (मिलिग्रॅम प्रति डेसिलिटर), आणि तब्येत ठणठणीत. इतक्या कमी एलडीएलवरही माणूस धडधाकट जगू शकतो, एवढं तिच्यावरून कळतं. विशीतल्या निरोगी माणसांना औषध द्यावं का, हे त्यावरून ठरत नाही. ते ठरवणारी चाचणी घ्यायची तर तीस-चाळीस वर्षं चालवावी लागेल.