पुरंदरची शेतकी बँक आणि विल्यम वेडरबर्न

सहकारी पतपुरवठ्याचा इतिहास आपण १९०४ च्या कायद्यापासून सांगतो. त्याआधी वीसेक वर्षं पुरंदर तालुक्यासाठी शेतकी बँकेची योजना तयार झाली होती. तिच्यामागे मुंबई इलाख्यातला एक गोरा सनदी अधिकारी होता, विल्यम वेडरबर्न.

जन्म १८३८, एडिंबरो. वडील याच नोकरीत होते. थोरला भाऊ जॉन १८५७ च्या उठावात हिसारला बायकामुलासह मारला गेला. तरीही तीन वर्षांनी विल्यम हिंदुस्थानात नोकरीला आले, आणि मनात सूडाऐवजी इथल्या रयतेबद्दल कणव धरून राहिले. मला त्यांच्याबद्दल आदर वाटतो तो इथपासून.

१२ मे १८७५ ला पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या बाजारात शेतकऱ्यांनी सावकारांची दप्तरं बाहेर काढून जाळली. रोख सगळा कर्जखतांवर होता. खत लिहिणारा सावकाराचा माणूस, आणि वाचता न येणाऱ्या कुणब्याची सही म्हणजे खाली काढलेली नांगराची निशाणी. आकडा काय लिहिलाय हे त्याला कळायचं ते कोर्टाचा हुकूमनामा दारात आल्यावर. १८७९ च्या दख्खन शेतकरी कायद्याने न्यायाधीशाला खताच्या मागे जाऊन मूळ व्यवहार तपासायची मुभा दिली. हे मोठंच पाऊल होतं. पण सावकाराने हात आखडता घेतला, तर पेरणीला पैसा आणायचा कुठून?

न्यायखात्यात वर्षानुवर्षं असे दावे पाहिलेल्या वेडरबर्न यांनी नेमकं हे दुखणं धरलं. त्यांची मांडणी अशी: आधी तालुक्यातल्या जुन्या कर्जांची छाननी करून तडजोडीची रक्कम ठरवायची, ती सरकारने सावकाराला चुकती करायची आणि रयतेकडून हप्त्याने घ्यायची. पाटी अशी कोरी झाली की बँकेने बेताच्या व्याजाने नवं कर्ज द्यायचं. भांडवल घालायला पुण्यातली मंडळी पुढे आली होती. व्हाइसरॉय लॉर्ड रिपनच्या सरकारने योजना उचलून धरली. लंडनमध्ये भारतमंत्र्यांच्या कचेरीने ती नाकारली.

१८८७ मध्ये वेडरबर्न निवृत्त झाले. दोनच वर्षांनी मुंबईच्या काँग्रेस अधिवेशनाचे ते अध्यक्ष होते. पुढे १८९३ ते १९०० पार्लमेंटात, आणि हिंदुस्थानच्या खर्चाची चौकशी करणाऱ्या वेल्बी कमिशनवर दादाभाई नौरोजींच्या सोबत. १९१० साली, बहात्तराव्या वर्षी, अलाहाबाद अधिवेशनाचं अध्यक्षपद घ्यायला ते पुन्हा समुद्र ओलांडून आले.

मधल्या काळात १९०४ चा कायदा झाला होता. गावोगाव पतसंस्था काढायची वाट त्याने मोकळी केली. पुरंदरच्या योजनेचा गाभा असलेली जुनी कर्जं निकाली काढायची तरतूद मात्र त्यात नव्हती.