वादळ विरले, तरी पाऊस उरतो

‘मराठवाडा समुद्रापासून दूर आहे, म्हणून चक्रीवादळाशी आपला संबंध नाही,’ असा संदेश वर्षानुवर्षे फिरतो. वाऱ्यापुरता तो बराचसा खरा आहे, कारण वादळाला सुमारे २६.५ अंश सेल्सिअसहून उबदार समुद्राच्या बाष्पातून ऊर्जा मिळते आणि जमिनीवर तो पुरवठा तुटतो. मात्र आधीचे बाष्प लगेच संपत नाही. बंगालच्या उपसागरातून तेलंगणामार्गे सरकणारे क्षीण वादळ नांदेड-हिंगोलीत, काढणीला आलेल्या सोयाबीनवर, मुसळधार कोसळू शकते. पडताळणीसाठी हवामान खात्याचे पत्रक रोज पाहावे: वारा ताशी ६२ किलोमीटरखाली उतरला की ‘चक्रीवादळ’ हा शब्द गळतो, तरीही जिल्हावार पावसाचा इशारा कायम असू शकतो. नकाशावरील रेषा केवळ केंद्राचा अपेक्षित मार्ग दाखवते. पाऊस तिच्यापासून शेकडो किलोमीटर दूरही पडतो.