दीर्घिकांचा तंतू आणि कॉस्मिक स्ट्रिंग: एकाचा नकाशा आहे, दुसरीचा पत्ता नाही

जांभळ्या पार्श्वभूमीवर पिवळसर धाग्यांचं जाळं असलेलं चित्र तुम्ही पाहिलं असेल. बऱ्याचदा ते २००५ सालच्या ‘मिलेनियम’ या संगणकीय प्रतिरूपातलं असतं आणि खाली कुणीतरी ‘या पाहा कॉस्मिक स्ट्रिंग्ज’ असं ठोकून दिलेलं असतं. चित्र असतं विश्वजालाचं, म्हणजे कॉस्मिक वेबचं. त्यातला प्रत्येक धागा हा फिलामेंट, दीर्घिकांचा तंतू. कॉस्मिक स्ट्रिंगचं चित्र त्याच मापात काढायचं तर कागद कोराच ठेवावा लागेल.

तंतू समजायला सोपा. सुरुवातीच्या विश्वात द्रव्य जवळजवळ सगळीकडे सारखं होतं, पण अगदी सारखं नव्हतं. जिथे किंचित जास्त होतं तिथे गुरुत्वाकर्षणाने आणखी ओढून घेतलं आणि अब्जावधी वर्षांत पोकळ्या, भिंती, तंतू आणि त्यांच्या गाठी तयार झाल्या. तंतूत बहुतांश कृष्णद्रव्य, म्हणजे न दिसणारं पण गुरुत्वाने जाणवणारं द्रव्य असतं, शिवाय विरळ गरम वायू आणि मण्यांसारख्या ओवलेल्या दीर्घिका. लांबी कोट्यवधी प्रकाशवर्षं, जाडी काही दशलक्ष प्रकाशवर्षं. २०१७ साली पुण्यातल्या आयुका आणि आयसरच्या संशोधकांनी शोधलेला ‘सरस्वती’ महासमूह याच जाळ्यातली एक अवाढव्य गाठ आहे. मीन राशीच्या दिशेला, सुमारे ४ अब्ज प्रकाशवर्षं दूर आणि ६० कोटी प्रकाशवर्षं पसरलेली.

स्ट्रिंग द्रव्याची बनलेलीच नसते. विश्व थंड होताना त्याच्या मूळ क्षेत्रांची, म्हणजे सगळीकडे पसरलेल्या ‘फील्ड्स’ची, अवस्था बदलली असावी. तळ्याचं पाणी एकाच वेळी अनेक ठिकाणी गोठू लागलं, तर बर्फाचे तुकडे एकमेकांना भिडतात तिथे जोड नीट बसत नाही आणि रेघ राहते. तशा न बुजलेल्या रेघा अवकाशातही राहू शकतात, असं भौतिकशास्त्रज्ञ टॉम किबल यांनी १९७६ साली दाखवलं. साध्या सिद्धांतांत अशा रेघेला टोक नसतं: एक तर ती बंद फास असते, नाहीतर आपल्याला दिसू शकणाऱ्या विश्वाच्या क्षितिजापलीकडे जाते. जाडी प्रोटॉनच्या तुलनेतही नगण्य. वजन मात्र भयंकर: पूर्वी लोकप्रिय असलेल्या हिशेबानुसार साडेचार किलोमीटर स्ट्रिंगमध्ये अख्ख्या पृथ्वीइतकं वस्तुमान!

आता खरी गंमत. इतकी जड असूनही सरळ, स्थिर स्ट्रिंग शेजारच्या वस्तूला ओढत नाही. तिच्या लांबीत प्रचंड ताण असतो आणि व्यापक सापेक्षतेत ताणाचा परिणाम वस्तुमानाच्या उलट होतो. दोन्ही एकमेकांना खोडतात. उरतो तो फक्त भूमितीतला फरक: तिच्याभोवती पूर्ण फेरी मारली तर ३६० अंश भरत नाहीत, त्याच जुन्या हिशेबाने सुमारे ५ विकला कमी पडतात (एक विकला म्हणजे अंशाचा ३६००वा भाग). त्यामुळे मागच्या दीर्घिकेचा प्रकाश दोन्ही बाजूंनी आपल्याकडे येतो आणि दोन हुबेहूब, न वाकलेल्या प्रतिमा दिसू शकतात. तंतूमुळेही प्रकाश वळतो, पण तिथे मागच्या दीर्घिकांचे आकार अगदी थोडे ताणले जातात, आणि तेही असंख्य दीर्घिकांची सरासरी काढल्यावर कळतं. दोघांमधला फरक ओळखण्याची याहून चांगली खूण मला माहीत नाही.

अशी जोडी सापडल्यासारखी वाटलीही होती. सीएसएल-१ नावाच्या जोडप्रतिमेचा २००३ साली बराच गाजावाजा झाला. २००६ मध्ये हबल दुर्बिणीने बारकाईने पाहिलं, तर त्या शेजारीशेजारी असलेल्या दोन वेगळ्या दीर्घिका निघाल्या.

घोळ होण्यामागे इतिहासही आहे, आणि तो एकाच माणसापाशी येऊन मिळतो. सोव्हिएत भौतिकशास्त्रज्ञ याकोव्ह झेल्दोविच यांनी १९७० साली द्रव्य कोसळून आधी चपटे थर कसे बनतात हे मांडलं. विश्वजालाच्या कल्पनेची मुळं तिथे आहेत. त्यांनीच १९८० साली सुचवलं, की दीर्घिका बनायला लागणारं बीज स्ट्रिंग्जनी पुरवलं असेल. म्हणजे काही वर्षं ‘स्ट्रिंगमुळे तंतू’ हा गंभीर प्रस्ताव होता. वैश्विक पार्श्वप्रारणाच्या, म्हणजे विश्वाच्या बालपणापासून उरलेल्या प्रारणाच्या, मोजमापांनी तो मागे पडला. प्रारणातले चढउतार ज्या ठरावीक मापांचे निघाले, ते स्ट्रिंग्जना जमणारे नव्हते. प्लँक उपग्रहाने तर मर्यादा आणखी आवळली: स्ट्रिंग असलीच, तर त्या जुन्या हिशेबापेक्षा बरीच हलकी.

शोध थांबलेला नाही. स्ट्रिंगचे फास थरथरत गुरुत्वीय लहरी, म्हणजे अवकाशकाळातले तरंग, सोडत विरून जातात. २०२३ मध्ये स्पंदक ताऱ्यांच्या (नियमित रेडिओ ठोके देणाऱ्या पल्सारांच्या) निरीक्षणांतून अशा मंद लहरींच्या पार्श्वभूमीचे पुरावे मिळाले. त्या निरीक्षणांत नारायणगावजवळच्या खोडदच्या जीएमआरटी या रेडिओ दुर्बिणीचा वाटा होता. महाकाय कृष्णविवरांच्या जोड्या हे त्याचं पहिलं स्पष्टीकरण. स्ट्रिंग्ज रांगेत मागे उभ्या आहेत.

राहता राहिली स्ट्रिंग थिअरी, म्हणजे मूलकण हे सूक्ष्म तारांची कंपनं आहेत असं मानणारा सिद्धांत. तिच्यातल्या तारा मूलकणांहूनही सूक्ष्म, म्हणून त्यांचा इथे संबंध नाही असं म्हणायची सोय होती. भौतिकशास्त्रज्ञ एडवर्ड विटेन यांनी १९८५ साली त्या ताणून विश्वाएवढ्या होतील का, हे तपासलं आणि उत्तर नकारार्थी आलं. २००४ साली इतरांनी काही परिस्थितींत ते शक्य आहे असं दाखवलं. त्यामुळे उद्या खरोखर एखादी स्ट्रिंग सापडली, तर ती किबलची की या दुसऱ्या जातीची, हा वाद लगेच सुरू होईल.